चाळीसच्या आत

निपाणी,
४ ऑगस्ट २०२५

दिपे,

हे पत्र भरमूकाकांच्या हातात देतोय, म्हणजे संध्याकाळच्या आत तुला मिळेल. बेळगाव-निपाणी गाडीचा कंडक्टर ओळखीचा असला की पोस्टाची गरज पडत नाही. आप्पांनी एकतीस वर्षं बसचं स्टेअरिंग धरलं, त्याचा मला झालेला हा एवढाच फायदा.

आता मुद्द्याचं विचारतो. माझ्या खोलीत कोण बसतं?

तू म्हणशील, कोण नाही. मग माझा ट्रक डावीकडं कोण ओढतं? काल संध्याकाळी साडेसातला मी सरळ रस्त्यानं चाललो होतो. समोरून एक बस येत होती. तिचा माझा काही संबंध नव्हता. एकदम माझा ट्रक डावीकडं गेला आणि त्या बसवर जाऊन आदळला. मी बोटसुद्धा हलवलं नव्हतं. हे या आठवड्यात चौथ्यांदा झालंय.

तुला परत एकदा नीट सांगतो, कारण तू नेहमी अर्धंच ऐकतेस. गेम चालतो तिकडं वडगावात, माझ्या कॉम्प्युटरवर. इथं माझ्या हातात जे यंत्र आहे त्यात फक्त त्याचं चित्र येतं आणि आवाज येतो. मी इथं बटण दाबलं की ते नेटवरून तिकडं पोचतं आणि ट्रक वळतो. तिकडं तुमच्या पडद्यावर पण तेच दिसत असणार, फक्त मुकं, कारण आवाज सगळा माझ्याकडं वळवलाय. आणि तिकडं कीबोर्डवर कुणी बोट ठेवलं तर ट्रक त्याचं पण ऐकतो. म्हणून तुला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, सात वाजता चालू कर, दार ओढून घे आणि नऊला बंद कर.

नेटवाल्याला मी दोनदा बोलावून भांडलो. तो म्हणतो, लाईन स्वच्छ आहे. मग उरता तुम्ही. शेजारची पोरं शिकवणीला येतात तुझ्याकडं, त्यांना माझ्या खोलीत सोडत असशील तर आजच बंद कर. दिवसभर दवाखान्यात लोकांचे एक्स-रे काढून डोकं बधिर होतं, त्यानंतर हे दोनच तास माझे आहेत.

रविराज


वडगाव, बेळगाव
७ ऑगस्ट २०२५

अण्णा,

तुझं पत्र वाचून मला एवढा राग आला की ते मी आधी आईच्या पोळपाटाखाली दाबून ठेवलं आणि दोन दिवसांनी उत्तराला बसले.

मी काय तुझी नोकर आहे? शाळा सुटल्यावर दोन बस बदलून घरी येते, पाणी पिते आणि आधी तुझं ते धूड चालू करते. खोली झाडते. पडद्यावरची धूळ पुसते. चौदा महिने झाले, एकदा तरी लिहिलंस का, दिपे, बरं केलंस? आता म्हणे शिकवणीची पोरं. ती पोरं तुझ्या खोलीच्या उंबऱ्याला पण शिवत नाहीत.

तुझ्या खोलीत कोणीही बसत नाही. कीबोर्डला कोणी हात लावत नाही. तुझं चालवणंच तसलं असेल.

फोनवर तुला दोन शब्द सुनवले असते, पण आप्पांचा नेम तुला माहीत आहे. "ह्या घरातलं कोण त्येच्याशी फोनवर बोललं, तर त्या दिवशी मी जेवणार न्हाय." आई एकदा चोरून बोलली आणि ते खरंच जेवले नाहीत. पत्राबद्दल ते काही बोललेले नाहीत, म्हणून लिहिते.

आणि एक विचारायचं होतं, सहज. तुझ्या त्या गेममध्ये रस्त्याच्या कुठल्या बाजूनं चालवतात?

दिपाली


निपाणी,
२० ऑगस्ट २०२५

दिपे,

उजव्या बाजूनं. चिठ्ठीत कळवलंच होतं. तो परदेश आहे. तिकडं सगळे उजव्या बाजूनंच चालवतात. पण तुला कशाला पाहिजे ही चौकशी? तू तर खोलीत बसत नाहीस.

गंमत बघ, तुझं पत्र आल्यावर मी 'उजव्या बाजूनं' एवढंच लिहून भरमूकाकांच्या हातात चिठ्ठी दिली, आणि दुसऱ्या दिवसापासून डावीकडं ओढणं थांबलं. एकदम. मी म्हटलं, चला, सुटलो.

सुटलो कुठला. आता ब्रेक लागतो. उतार आला की ब्रेक. पुढं गाडी दिसली की ब्रेक. मी ऐंशीला गेलो की कुणीतरी मला खेचून चाळीसला आणतं. परवा वळायच्या आधी इंडिकेटर लागला, मी लावला नव्हता. समोरून गाडी आल्यावर माझे दिवे खाली झाले. बर्फाच्या घाटात मी एका टँकरला ओव्हरटेक करत होतो, अर्धा पुढं गेलो होतो, आणि धाडकन ब्रेक. मागचा माझ्यावर येऊन बसला. हा बिघाड नाही, दिपे. बिघाडाला वळणाआधी इंडिकेटर लावायची अक्कल नसते. तिथं माणूस आहे.

घरात तीन माणसं. आई कॉम्प्युटरला घाबरते. आप्पा माझ्या वस्तूला हात लावणार नाहीत, माझ्या नावानं त्यांनी आंघोळ केलीय. राहिलीस तू. माझ्यावर कसला सूड उगवतेस ते तरी सांग.

आणि आप्पांच्या नेमाचं मला सांगू नकोस. डेपोतल्या त्यांच्या निरोप समारंभात मी काय त्यांचा खून केला होता? मला माईक दिला, दोन शब्द बोल म्हणाले. मी म्हणालो, आप्पा चाळीसच्या वर जात नाहीत, त्यांची गाडी संकेश्वरला पोचेपर्यंत मागून निघालेली गाडी निपाणीला चहा पिऊन परत यायची. सगळा डेपो हसला. मॅनेजर हसले. त्यावर घरी येऊन मला म्हणतात, "तुझं तू बघ, हितं राहू नको." एका गमतीपायी पोराला घराबाहेर काढणारा बाप मी दुसरा बघितला नाही.

रविराज


वडगाव, बेळगाव
३ सप्टेंबर २०२५

अण्णा,

गंमत म्हणालास ना, मग पूर्ण गंमत ऐक.

त्या दिवसाआधी आठवडाभर आप्पा सकाळी चहा घेऊन गच्चीवर जायचे. आम्हाला वाटलं, निवृत्तीचं मनाला लागलंय. ते भाषण लिहीत होते. चार पानं. माझ्या शाळेच्या वहीतली पानं मागून घेतली होती आणि निळ्या पेननं लिहून शर्टाच्या खिशात घडी करून ठेवली होती. शाल, नारळ, बिनअपघात सेवेचा बिल्ला, हे सगळं झाल्यावर ते बोलणार होते. त्यांच्या आधी तुला माईक दिला. तू बोललास, सगळे हसले. मग त्यांचं नाव पुकारलं तर ते उभे राहिले, हात जोडले आणि परत बसले. पानं खिशातच राहिली. तुला दिसलं नाही, कारण तू तेव्हा टाळ्या घेत होतास.

ज्या माणसानं आयुष्यात भाषण केलं नाही, त्याचं एकुलतं एक भाषण तू खाल्लंस. यावर तुला लिहायचं असेल तर लिही. नसेल तर ब्रेकचं रडगाणं मला सांगू नकोस.

गेल्या भाऊबीजेला मी चंद्राला ओवाळलं. भाऊ निपाणीत बसून ट्रक हाकत असताना. शेजारच्या बाळाबाईनं विचारलं तर मी सांगितलं, ड्युटी आहे त्याला. किती वर्षं हेच सांगायचं?

कीबोर्डला मी हात लावत नाही. हे मी विद्येची शपथ घेऊन लिहिते.

दिपाली


निपाणी,
३ ऑक्टोबर २०२५

दिपाली,

महिनाभर लिहिलं नाही, कारण भाषणाचं मला खरंच माहीत नव्हतं. दोनदा लिहायला बसलो आणि दोन्हीदा कागद फाडला. मनात होतं, दसरा झाला की एकदा वडगावला येऊन आप्पांसमोर उभं राहावं.

ते आता राहू दे. बुधवारी काय केलंत तुम्ही? सुट्टीचा दिवस, आम्ही आठ जण मिळून ताफा नेणार होतो, महिन्यापासून ठरलं होतं. मी पुढचा ट्रक. सात वाजले, सव्वासात, आठ. कॉम्प्युटर बंद. सगळे माझ्यासाठी थांबले आणि शेवटी कंटाळून निघून गेले. गुरुवारी चालू झाला तो पण संध्याकाळी साडेसातला, माझ्यावर उपकार केल्यासारखा.

हे आप्पांनी करायला लावलं, मला कळत नाही असं समजू नका. पंधरा-सोळा महिने त्यांना सुचलं नव्हतं, आता सुचलं. पोराला काढलं, आता त्याची वस्तूपण बंद करायची. चालेल. माझी वस्तू मला परत द्या. रविवारी, बारा तारखेला, सकाळी दहाला माझा दोस्त साईराजचा टेम्पो येईल. कॉम्प्युटर, पडदा, कीबोर्ड, सगळं पोत्यात गुंडाळून तयार ठेव. खोली आप्पांना मोकळी करून दे. त्यांचा आणि माझा मग कसलाच संबंध उरणार नाही, त्यांनाही तेच हवं आहे.

रविराज


वडगाव, बेळगाव
६ ऑक्टोबर २०२५

अण्णा,

बुधवारी खंडेनवमी होती. एवढं तरी आठवतं का तुला? त्या दिवशी घरातल्या सगळ्या हत्यारांची पूजा होते आणि ती बाजूला ठेवतात, वापरत नाहीत. विळी, कोयता, आईची शिलाई मशीन, सगळं. बस डेपोतपण झेंडूचे हार घालून गाड्या धुऊन लावायचे, तू लहानपणी त्या हारांची फुलं ओढायचास. तुझ्या कॉम्प्युटरलापण हार घातला. हळदकुंकू लावलं, खाली लिंबू ठेवलं. त्या दिवशी गाडी चालवायची नसते. गुरुवारी दसऱ्याचं सोनं देऊन झालं, मग चालू केला. याला सूड म्हणतात का?

तुझ्या वस्तूला देव्हाऱ्यातल्या देवासारखा हार घातला आणि तू टेम्पो पाठवतोस.

टेम्पो पाठवू नकोस. कारण विचारू नकोस, कारण सांगायला मला मनाई आहे, आणि मी आजवर दिलेला शब्द मोडला नाही. पडदा फुटलाय असं लिहिणार होते, पण शिक्षिका आहे, खोटं मला नीट जमत नाही. तुला आधी लिहिलं त्यातपण थोडं खोटं आहे. कीबोर्डला मी हात लावत नाही, एवढंच खरं.

रविवारी साईराज आला तर मी दार उघडणार नाही. दारात आडवी पडेन, पण ते धूड या घरातून जाऊ देणार नाही. तुला जे समजायचं ते समज.

दिपाली


वडगाव,
८ ऑक्टोबर २०२५

चि. रविराज,

आशीर्वाद आहेत, पण ते शेवटी. आधी तक्रार.

ड्रायव्हरनं गाडी डेपोत लावताना गाडीत काय बिघाड आहे ते वहीत लिहून द्यायचं असतं. मी एकतीस वर्षं लिहिलं. तुझ्या ट्रकचंपण लिहितो. गाडीत काही बिघाड नाही. बिघाड चालवणाऱ्यात आहे.

उतारावर तू गाडी मोकळी सोडतोस. वळणावर ओव्हरटेक करतोस. इंडिकेटर हा तुला दिवाळीचा दिवा वाटतो. पुढच्या गाडीच्या एवढा जवळ जातोस की तिच्या ड्रायव्हरच्या मानेवरचे केस मोजावेत. तवंदी घाटात माझ्यापुढं असं कोण चालवलं असतं तर मी गाडी आडवी लावून त्याला खाली उतरवला असता. कुणी शिकवलं तुला हे? मी तर नाही.

आता खरं सांगतो. तुझ्या खोलीत मी बसतो. गेल्या वर्षी श्रावणात दिपी घरात नव्हती आणि तुझ्या खोलीत उजेड दिसला. बंद करायला गेलो. पडद्यावर रस्ता चाललेला. खुर्चीत कोण नाही आणि ट्रक चाललेला. दिपीला विचारलं, तिनं सांगितलं, अण्णा चालवाय लागलाय निपाणीहून. मी तिथंच बसलो. त्या दिवसापासून रोज सातला बसतो. ट्रक चालला म्हणजे तू जेवून-खाऊन बरा आहेस. मार्चात पाच दिवस ट्रक हलला नाही, तेव्हा मी भरमूला तुझ्या खोलीवर पाठवलं. तो म्हणाला, ताप आहे, उतरलाय. तुला तो सहज आल्यासारखा बोलला असेल.

हात लावायचा नव्हता मला. वर्षभर वाटायचं, पोरगं मुद्दाम उलट्या बाजूनं चालवतंय, तरी नुसतं बघितलं. पण समोरून बस येत होती आणि तू उलट्या बाजूनं चालला होतास. बसमधली माणसं मला दिसली. मी बटण दाबून तुला डावीकडं घेतलं. कुठलं बटण ते मी आधीच बघून ठेवलं होतं. त्या देशात उजवीकडनं चालवतात हे दिपीनं तुला विचारून सांगितलं तेव्हा मला कळलं. तोवर मी तुला चार वेळा अपघातात घातलं. ती चूक माझी. लिहून देतो.

ब्रेकची चूक मानत नाही.

एक अडचण होते. इकडं आवाज येत नाही. एवढा मोठा ट्रक आणि इंजिन मुकं. गिअर कधी बदलायचा ते कानाला कळतं, डोळ्याला नाही. तरी मी जमवतो.

दिपीला मीच शपथ घातली होती. तिच्यावर ओरडू नकोस. टेम्पोचं तिनं सांगितलं. माझी हरकत नाही. गाडी तुझी आहे. पोत्यात नको, मी गादीची जुनी खोळ धुऊन ठेवली आहे, तिच्यात गुंडाळून देतो. साईराजला सांग, काकतीपर्यंत रस्ता उखडलाय, सावकाश ने.

ती चार पानं मी फाडली नाहीत. त्यात एवढंच होतं, ते आता तुलाच सांगतो. दोन हजार एक साली तू पाच वर्षांचा होतास. शाळेला सुट्टी होती म्हणून मी तुला गाडीवर नेलं. तू माझ्या शेजारी इंजिनाच्या झाकणावर बसला होतास, तिथं गरम लागतं म्हणून खाली पोतं टाकलं होतं. मी तेव्हा जोरात चालवायचो. डेपोत माझं नाव होतं त्यासाठी. हत्तरगीजवळ म्हैस आडवी आली, मी ब्रेक मारला, आणि तू पुढं काचेवर गेलास. डोळा थोडक्यात वाचला. तुझ्या भुवईवर खूण आहे ती त्याची. घरी मी सांगितलं, पोरगं स्टँडच्या पायरीवरनं पडलं. डेपोतपण लिहिलं नाही. त्या दिवसापासून माझी गाडी चाळीसच्या वर गेली नाही.

तो बिनअपघात बिल्ला देताना मला हे सगळ्यांपुढं बोलायचं होतं, की हा बिल्ला खरा नाही. एक अपघात झालाय, आणि तो पोरगा समोर बसलाय. तेवढ्यात तू चाळीसवरून बोललास आणि लोक हसले. मग मला उभं राहून काही बोलता आलं नाही. राग तुझा आला की माझा, ते मला अजून समजलेलं नाही. तुला घराबाहेर जा म्हणालो ते चुकलं.

आता आशीर्वाद.

आप्पा


निपाणी,
१० ऑक्टोबर २०२५

आप्पा,

नमस्काराचा मजकूर मला येत नाही, तुमच्या पायावर डोकं ठेवलंय असं समजा.

टेम्पो नको म्हणून साईराजला सांगितलं. कॉम्प्युटर तिथंच राहील. गादीची खोळ आईला परत द्या.

स्टेजवर बोललो ते चुकलं. मला माहीत नव्हतं, पण माहीत नसताना बोललो हेच चुकलं. भुवईवरची खूण मी आज आरशात बघितली. एवढी वर्षं रोज बघतो, स्टँडच्या पायरीची म्हणून. तुम्ही चोवीस वर्षं हे एकट्यानं वाहिलं याचा मला राग आलाय. आईला तरी सांगायचं होतं. मला सांगितलं असतं तर मी काय तुम्हाला डेपोत धरून नेलं असतं?

भाऊबीजेला येतो. तेवीस तारीख, गुरुवार. दिपीला सांगा, यंदा चंद्राला सुट्टी. भरमूकाकांच्या गाडीनं येतो.

कालचं तुम्हाला सांगायचं राहिलं. तुमचं पत्र वाचलं आणि सातला मी यंत्र उघडलं. ट्रक उभा होता. मी दोन्ही हातांतली बटणं सोडली आणि यंत्र टेबलावर टेकवून ठेवलं. थोडा वेळ काही झालं नाही. तुम्ही वाट बघत असाल माझी. मग इंडिकेटर लागला आणि ट्रक हळूच रस्त्यावर आला. मी शेवटपर्यंत हात लावला नाही. चहा केला आणि समोर बसून बघत राहिलो. उतारावर तुम्ही आधीच वेग कमी केला. वळणावर आपल्या बाजूला राहिलात. गिअर दोनदा उशिरा पडला, पण तुम्हाला ऐकायला येत नाही, म्हणून ते धरत नाही. भाऊबीजेला आलो की आवाजाचं काम आधी करतो.

पण काल तुम्हाला आवाज आला नाही तेच बरं. तुमच्या मागं एक लाल गाडी लागली होती. अर्धा तास ती सारखी हॉर्न वाजवत होती, तुम्ही चाळीसला चालला होता म्हणून. माझं डोकं फिरलं. मी यंत्र उचललं आणि त्या पडद्यावर ओरडलो. खालून घरमालकीण मंगलमावशी वर आल्या, काय झालं म्हणून. त्यांनी ऐकलं ते एवढंच.

"गप रं ए. आमचं आप्पा चालवाय लागलेत."

तुमचा,
रविराज